जखमेची नोंद : वसईपासून हिरोशिमापर्यंत

वसईत राहणाऱ्या माणसाला इतिहासाच्या शोधात लांब जावे लागत नाही. स्टेशनावरून पश्चिमेला निघावे, पापडी ओलांडावी, की किल्ल्याचा तट दिसू लागतो. सुटीच्या दिवशी तेथे शाळांच्या सहली येतात. गुरुजी मुलांना सांगतात, की येथे चिमाजी अप्पांनी फिरंग्यांचा पाडाव केला. मुले विचारतात, लढाई किती दिवस चालली? तोफा किती होत्या? सुरुंग कोठे लावला? हे सर्व प्रश्न योग्यच आहेत. पण एक प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. या लढाईत जे मेले नाहीत आणि धडही राहिले नाहीत, त्यांचे पुढे काय झाले? हात गेलेला, डोळा गेलेला, दारूने भाजलेला माणूस आपल्या गावी परतला, तेव्हा त्याच्या जखमेला कोणी काही नाव दिले का? ती कोठे लिहून ठेवली गेली का?

आजच्या विवेचनाचा विषय हाच आहे. युद्धात झालेल्या जखमेची नोंद माणसाने कशी केली, कोणासाठी केली, आणि अणुबाँबसारखे अस्त्र निघाल्यावर त्या नोंदवहीचे काय झाले, याचा थोडक्यात मागोवा आम्ही घेणार आहोत. विषय कारकुनी वाटेल. परंतु ज्याची नोंद नाही त्याला मदत नाही, आणि कालांतराने त्याची आठवणही नाही, एवढे ध्यानात घेतले म्हणजे हा विषय नुसता कारकुनीचा नाही हे पटेल.

प्रथम आपल्या घरचीच गोष्ट घेऊ. १५३४ च्या डिसेंबरात गुजरातचा सुलतान बहादुरशहा याने तहाने वसई पोर्तुगीजांना दिली. त्यानंतर दोनशे वर्षे हा मुलूख त्यांच्याकडे होता. १७३७ मध्ये मराठ्यांनी उत्तर कोकणची मोहीम सुरू केली आणि ठाणे घेतले. वसई मात्र पडली नाही. १७३९ च्या आरंभी चिमाजी अप्पा स्वतः या बाजूस आले आणि वेढा आवळला. तीन बाजूंनी पाणी आणि दलदल, चौथ्या बाजूस भक्कम तट व बुरूज, अशी जागा. वेढा घालणाऱ्यांना तटाच्या पायापर्यंत खंदक खणीत जावे लागले, आणि वरून गोळ्यांचा व हातगोळ्यांचा मारा चालूच होता. किल्ल्याचा सेनापती सिल्व्हेरा दि मेनेझेस मारला गेला आणि सूत्रे काएतानु दि सौझा परैरा याच्याकडे आली. मे महिन्यात सेंट सेबॅस्टियन बुरजाखाली सुरुंग उडवले गेले आणि खिंडार पडले. परंतु सर्व सुरुंग एकाच वेळी उडाले नाहीत. त्यांच्या स्फोटांत हल्ला करणारी मराठ्यांची माणसेही दगडमातीखाली गेली. अखेर किल्लेदाराने शरणागतीचा तह केला. आतल्या लोकांना आपापली चीजवस्तू घेऊन जाण्यास आठवड्याची मुदत मिळाली.

हा तह कोणत्या तारखेस झाला? पोर्तुगिजांच्या पंचांगाप्रमाणे १६ मे १७३९ रोजी. इंग्रज त्या वेळी जुने पंचांग वापरीत, त्याप्रमाणे ५ मे. दोन्ही तारखा बरोबर आहेत, फरक फक्त मोजणाऱ्याचा आहे. इंग्रजांनी नवे पंचांग १७५२ मध्ये स्वीकारले, तोपर्यंत हा अकरा दिवसांचा घोळ चालू राहिला. ही गोष्ट येथे मुद्दाम सांगितली. एकच दिवस दोन वह्यांत दोन तऱ्हांनी लिहिला जातो, तसेच एकच जखमही दोन वह्यांत दोन नावांनी लिहिली जाते, हे पुढे दिसेल.

आता माणसांचा हिशोब. ग्रँट डफने १८२६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मराठ्यांच्या इतिहासात मराठ्यांकडील ठार व जखमी मिळून पाच हजारांवर आणि किल्ल्यातील आठशे असा आकडा दिला आहे. अन्य ठिकाणी याहून कितीतरी मोठे आकडे आढळतात. कोणता आकडा खरा, हा वाद इतिहास संशोधकांवर सोपवू. आमचे लक्ष दुसरीकडे आहे. ‘ठार व जखमी मिळून’ या शब्दांकडे पाहा. मेलेला आणि जगलेला एकाच बेरजेत बसवला आहे! सेनापतीच्या दृष्टीने ते ठीकच आहे. दुसऱ्या दिवशी लढायला उभे राहणार नाहीत असे लोक किती, एवढेच त्याला हवे असते. परंतु घरच्या माणसांच्या दृष्टीने या दोहोंत जमीन-अस्मानाचे अंतर आहे.

मग आपल्या पूर्वजांनी जखमीची वेगळी दखल घेतलीच नाही काय? तसे म्हणणे अन्यायाचे होईल. कृष्णाजी अनंत सभासदाने सतराव्या शतकाच्या अखेरीस जिंजीस बखर लिहिली. तीत प्रतापगडच्या प्रसंगानंतर शिवाजी महाराजांनी जखमी लोकांना काय दिले ते सांगितले आहे. दोनशे होन, शंभर होन, पन्नास आणि पंचवीस, असे चार दर होते, आणि ते जखम पाहून ठरले. पडलेल्यांच्या मुलांना चाकरीत घेतले. ज्यांना मुले नव्हती त्यांच्या बायकांना अर्ध्या वेतनाची सोय करून दिली. पुढे पेशवाईत धारातीर्थी पडलेल्याच्या मुलाबाळांना जी नेमणूक मिळे तिला बालपरवेशी म्हणत. म्हणजे जखमेचे वर्गीकरण आपल्याकडे होते. ते वैद्याने केलेले नव्हते, खजिनदाराने केलेले होते. पण ‘जखम पाहून’ या दोन शब्दांत वर्गीकरणाचे सारे तत्त्व आले. जखमा सारख्या नसतात. म्हणून त्या पाहाव्या लागतात, त्यांची प्रत लावावी लागते, आणि त्या प्रतीप्रमाणे समाजाने आपले देणे चुकवावे लागते.

या पद्धतीची मर्यादाही उघड आहे. ती चाकरीतल्या माणसापुरती होती. खंदक खणणारा बिगारी, रसद वाहणारा बैलवाला, वेढ्यात सापडलेल्या गावचा शेतकरी, किल्ल्यात अडकलेली बाई, पाचूबंदरची होडी आणि तीवरचा कोळी, यांना होनही नव्हते आणि नोंदही नव्हती. शत्रूच्या जखमीची तर गोष्टच सोडा. ज्याच्याकडे वही, त्याचीच माणसे तीत, असा तो काळ होता. केवळ आपल्याकडेच नव्हे, सर्वत्रच.

सर्वांना एकच वही असावी ही कल्पना एकोणिसाव्या शतकातली आहे, आणि ती युद्धातून निघाली नाही, रोगराईतून निघाली. लंडनमध्ये मृत्यूंच्या साप्ताहिक याद्या फार पूर्वीपासून निघत. जॉन ग्राँट नावाच्या व्यापाऱ्याने १६६२ मध्ये त्यांचा अभ्यास करून दाखवला, की मरणालाही काही नियम असतात. पुढे इंग्लंडात जन्ममृत्यूची नोंद सरकारी झाली आणि १८३९ पासून विल्यम फार हा डॉक्टर त्या कचेरीत आकडे जुळवू लागला. त्याची अडचण साधी होती. एकाच रोगाला चार डॉक्टर चार नावे देत आणि चार रोगांना एकच नाव देत. अशा याद्यांची बेरीज करणे म्हणजे आंबे, फणस आणि नारळ एकाच वजनात मोजणे होय. १८५३ मध्ये ब्रसेल्स येथे भरलेल्या संख्याशास्त्र परिषदेने फार आणि जिनिव्हाचा मार्क देस्पिन या दोघांना एकसारखी यादी करण्यास सांगितले. फारने मृत्यूच्या कारणांचे पाच गट पाडले. साथीचे रोग, सर्व शरीराचे रोग, विशिष्ट अवयवाचे रोग, वाढीचे रोग, आणि पाचवा गट हिंसेचा किंवा आघाताचा. पाचव्या गटाने रोगाच्या यादीत प्रथमच एक निराळा पाहुणा आणला. ताप शरीरातून येतो, तलवार शरीराबाहेरून येते. बाहेरून येणाऱ्या या कारणाला जागा दिल्याबरोबर प्रश्न उभा राहतो, की ती तलवार कोणी चालवली?

याच फारच्या साहाय्याने फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी क्रिमियाच्या युद्धाचे आकडे मांडले. त्यांनी काढलेली १८५८ ची आकृती प्रसिद्ध आहे. तिने दाखवले, की सैनिक शत्रूच्या गोळीने मेले त्यापेक्षा कितीतरी अधिक घाणीने आणि साथीने मेले. ही गोष्ट आपल्याही वाट्यास आली. पहिल्या महायुद्धात इराकमधील कूत येथे १९१५ च्या डिसेंबरपासून २९ एप्रिल १९१६ पर्यंत ब्रिटिश-हिंदी फौज वेढ्यात सापडली. तीत मराठा पलटणीही होत्या. तेथे अन्न संपले आणि रक्तपिती, अतिसार व उपासमार यांनी माणसे खंगली. अतिसाराने मेलेला सैनिक युद्धाने मेला की रोगाने? वही म्हणते, रोगाने. इतिहास म्हणतो, युद्धाने. वहीचे आणि इतिहासाचे हे भांडण आजतागायत मिटलेले नाही, आणि वही वाचताना ते विसरता कामा नये.

आज जगभर जी यादी चालते तिचा पाया पॅरिस शहराच्या संख्याशास्त्र खात्याचे प्रमुख जॅक बर्तियाँ यांनी १८९३ मध्ये शिकागोच्या परिषदेत घातला. १९०० साली पॅरिसला २६ देशांचे प्रतिनिधी जमले आणि १७९ कारणांची यादी मान्य झाली. दर दहा वर्षांनी तिची उजळणी करावी असे ठरले. पहिल्या पाच आवृत्त्या मृत्यूच्या कारणांपुरत्या होत्या. दुसऱ्या महायुद्धानंतर हे काम नव्याने स्थापन झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि १९४८ मध्ये सहावी आवृत्ती निघाली. तिच्यात दोन मोठ्या गोष्टी झाल्या. एक, मेलेल्यांबरोबर आजारी व जखमी लोकांचीही नोंद त्याच यादीने होऊ लागली. ‘ठार व जखमी मिळून’ ही जुनी बेरीज प्रथमच सुटी झाली. दुसरी, प्रत्येक जखमेला दोन प्रश्न विचारले जाऊ लागले. शरीराला काय झाले? आणि ते कशाने झाले? दोन्ही प्रश्नांना स्वतंत्र क्रमांक मिळाले.

हा दुहेरी हिशोब एका उदाहरणाने स्पष्ट करू. १९९० मध्ये मान्य झालेल्या दहाव्या आवृत्तीत मांडीच्या उघड्या जखमेचा क्रमांक एस ७१.१ असा आहे. पाच माणसांच्या मांडीत गोळी घुसली आहे असे समजा. शल्यवैद्याच्या टेबलावर पाचही जखमा सारख्याच; पाचांनाही एस ७१.१. पण एकाची बंदूक साफ करताना उडाली, ती अपघाताच्या रकान्यात गेली. दुसऱ्याने स्वतःच झाडून घेतली, ती आत्मघाताच्या. तिसऱ्यावर शेजाऱ्याने झाडली, ती हल्ल्याच्या. चौथ्याला पोलिसांच्या कारवाईत लागली, तिला वाय ३५. पाचव्याला रणांगणावर लागली, तिला वाय ३६. जखम एक, पण बाहेरचे जग पाच तऱ्हांचे. मांडी काय म्हणते ते पहिला क्रमांक सांगतो. समाजात काय चालले आहे ते दुसरा क्रमांक सांगतो.

वाय ३६ म्हणजे युद्धातील कारवाया. त्यापुढे टिंब देऊन आणखी एक अंक येतो. शून्य म्हणजे पाणसुरुंग, पाणतीर इत्यादी समुद्री शस्त्रे. एक म्हणजे विमानाचा नाश. दोन म्हणजे अन्य स्फोट व त्यांचे तुकडे. तीन म्हणजे आगी. चार म्हणजे बंदुका व परंपरागत युद्धाची इतर साधने. पाच म्हणजे अण्वस्त्रे. सहा जैविक, सात रासायनिक. आठ म्हणजे लढाई थांबल्यानंतर झालेली इजा, जसे की विसरलेला सुरुंग दहा वर्षांनी एखाद्या गुराख्याच्या पायाखाली फुटतो. नऊ म्हणजे तपशील नाही. ही यादी वसईच्या वेढ्याला लावून पाहा. बुरजाच्या स्फोटात चिरडलेला वाय ३६.२ मध्ये जाईल, भाजलेला .३ मध्ये, गोळी किंवा तलवार लागलेला .४ मध्ये. आणि महत्त्वाची गोष्ट अशी, की हा रकाना सैनिक व नागरिक या दोहोंसाठी आहे. त्यात मराठा आणि पोर्तुगीज असा भेद नाही. ग्रँट डफच्या दोन बाजूंच्या दोन बेरजा या वहीत एकाच रकान्यात येतात. सभासदाच्या काळापासून आजपर्यंतचा खरा पल्ला आम्हांला येथे दिसतो. खजिनदाराची वही आपल्या माणसापुरती होती. या वहीला आपला आणि परका ठाऊकच नाही.

परंतु वही कितीही चांगली असली, तरी काही जखमा तिच्या रेघांत बसत नाहीत. याची तीन उदाहरणे देतो. तीनही आपल्या किंवा आपल्यासारख्यांच्या जवळची.

पहिले मुंबईचे. १४ एप्रिल १९४४ रोजी व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकीन’ हे जहाज उभे होते. त्यावर सुमारे चौदाशे टन स्फोटक दारूगोळा आणि त्याच्या जोडीला कापसाच्या गासड्या भरल्या होत्या. जहाजाला आग लागली. दुपारी चारच्या सुमारास पहिला स्फोट झाला आणि जवळजवळ अर्ध्या तासाने दुसरा. गोदी आणि भोवतालच्या वस्त्या जळाल्या. आग विझवायला गेलेले ६६ अग्निशामक कर्तव्य करताना गेले. त्यांच्या स्मरणार्थ देशात १४ एप्रिलपासून अग्निशमन सेवा सप्ताह पाळतात. मृतांचे आकडे आठशेपासून तेराशेपर्यंत निरनिराळे दिले जातात. आता सांगा, हे मेले कशाने? शत्रूने बाँब टाकला नव्हता. पण युद्ध नसते तर तो दारूगोळा भर वस्तीच्या गोदीत आलाच नसता. दहाव्या आवृत्तीत युद्धात वापरायच्या दारूगोळ्याचा अपघाती स्फोट वाय ३६.२ खाली घातला आहे. म्हणजे त्या वहीप्रमाणे मुंबईचा तो हमाल, तो कारकून आणि तो अग्निशामक युद्धाचा बळी ठरतो. पण त्या दिवशीच्या वहीने त्यांना बहुधा आगीचे किंवा अपघाताचे नाव दिले असेल. नाव बदलले म्हणजे जबाबदारीही जागा बदलते. अपघाताला निष्काळजी माणूस पुरतो; युद्धाला राज्यकर्ते लागतात.

दुसरे उदाहरण जपानी कोळ्यांचे. १ मार्च १९५४ रोजी अमेरिकेने पॅसिफिकमधील बिकिनी बेटांवर हायड्रोजन बाँबची चाचणी केली. तेथून दूर, सांगितलेल्या धोक्याच्या हद्दीबाहेर, ‘भाग्यवान ड्रॅगन’ अशा अर्थाच्या नावाची एक जपानी मासेमारी नौका होती. तीवर २३ जण होते. आकाशातून पांढरी राख पडू लागली. ती प्रवाळाची किरणोत्सर्गी राख होती. सगळे आजारी पडले आणि नौकेवरचा बिनतारी यंत्रचालक कुबोयामा सप्टेंबरात वारला. नायगावच्या, अर्नाळ्याच्या, पाचूबंदरच्या कोळ्याला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. माणूस जाळे टाकायला गेला, कोणाशी वैर नाही, आणि आकाशातून मरण आले. अण्वस्त्राच्या राखेने तो आजारी पडला; पण युद्ध कोठे होते? युद्ध नव्हते, म्हणून वाय ३६.५ च्या रकान्यात तो जात नाही. किरणोत्सर्गाच्या सामान्य अपघाताच्या रांगेत त्याला उभे करावे लागते. अमेरिकेने आपल्या देशापुरती दहावी आवृत्ती वाढवून वापरली, तीत शांततेच्या काळातील लष्करी कारवायांसाठी वाय ३७ असा वेगळा गट केला आणि त्यातही अण्वस्त्रांना जागा ठेवली. ही उणीव कोणाला तरी जाणवली होती, एवढे त्यावरून दिसते. त्या घटनेनंतर महिनाभराने, २ एप्रिल १९५४ रोजी, पंडित नेहरूंनी लोकसभेत अणुचाचण्या थांबवाव्यात अशी मागणी केली, हेही येथे नमूद केले पाहिजे.

तिसरे उदाहरण सांगताना आवाज जपून वापरावा लागतो, कारण ते या भागातल्या घराघरांत पोहोचले आहे. ११ जुलै २००६ च्या संध्याकाळी पश्चिम रेल्वेच्या लोकलगाड्यांत सात स्फोट झाले. माणसे कामावरून घरी निघाली होती. माहीम, वांद्रे, जोगेश्वरी, बोरिवली, मीरा रोड, ही नावे त्या रात्री निराळीच वाटू लागली. १८० हून अधिक माणसे गेली. स्फोटाची जखम तीच, जी रणांगणावर होते. फाटलेले कान, फुटलेली फुप्फुसे, तुटलेले अवयव. तरीही वही तिला युद्ध म्हणत नाही. ती तिला स्फोटकांनी केलेला हल्ला म्हणते आणि एक्स ९६ हा क्रमांक देते. आम्हांला यात वहीची बाजू पटते. युद्ध हा शब्द उच्चारला, की मारणाऱ्याला सैनिकाचा मान मिळतो. रेल्वेच्या डब्यात टिफिन हातात घेऊन उभ्या असलेल्या माणसाला मारणे हा गुन्हा आहे, आणि त्याची नोंद गुन्ह्याच्याच पानावर झाली पाहिजे.

आता वाय ३६.५ कडे येऊ. यादीतील हा एक अंक, पाच. त्याच्या पोटात यादीनेच काय काय घातले आहे पाहा. स्फोटाचा दाब, अग्निगोलाचा परिणाम, उष्णता, आणि किरणोत्सर्ग. ६ ऑगस्ट १९४५ रोजी हिरोशिमावर आणि ९ ऑगस्टला नागासाकीवर बाँब पडले तेव्हा या चारही गोष्टी एकदम घडल्या. त्या वर्षाअखेरपर्यंत हिरोशिमात सुमारे १,४०,००० आणि नागासाकीत सुमारे ७०,००० माणसे मेली असा अंदाज आहे. भाजणे आणि चिरडणे डॉक्टरांना ठाऊक होते. पण काही माणसे वरून धडधाकट दिसत होती. दोन-तीन आठवड्यांनी त्यांचे केस गळू लागले, हिरड्यांतून रक्त येऊ लागले, रक्तातील पांढऱ्या पेशी नाहीशा झाल्या आणि ती मेली. तेथल्या डॉक्टरांकडे या रोगाला नावच नव्हते. त्या वेळची यादी १९३८ ची होती. तिला अण्वस्त्र ठाऊक नव्हते. इतिहासात जखम आधी आली आणि रकाना मागून आला. पुढच्या आवृत्त्यांत अण्वस्त्रांचे स्वतंत्र कलम झाले. १९७५ च्या नवव्या आवृत्तीत त्याचा क्रमांक ई ९९६ होता, दहाव्यात तो वाय ३६.५ झाला.

पण या जखमेने वहीपुढे खरा पेच टाकला तो काळाचा. तलवारीची जखम त्याच दिवशी दिसते. किरणांची जखम वाट पाहते. वाचलेल्यांत काही वर्षांनी रक्ताचा कर्करोग वाढला. त्यानंतर दशकाने आणि पुढे जन्मभर इतर कर्करोगांचे प्रमाण वाढलेले आढळले. हे कळले कसे? १९४७ मध्ये तेथे एक तपासणी मंडळ नेमले गेले आणि पुढे सुमारे १,२०,००० लोकांची आयुष्यभराची नोंद ठेवण्यात आली. प्रत्येक जण त्या क्षणी केंद्रापासून किती दूर होता, भिंतीच्या आड होता की उघड्यावर, हे एकेकाला विचारून लिहिले. नंतर मृत्यूच्या दाखल्यांवरील कारण त्या अंतराशी ताडून पाहिले. एखाद्या बाईचा कर्करोग बाँबमुळे झाला की नुसता झाला, हे एकटीपुरते कोणी सांगू शकत नाही. लाखाची वही असेल तर मात्र सांगता येते. जपान सरकारने १९५७ मध्ये कायदा करून बाँबपीडितांना दाखले व औषधोपचार दिले. त्यासाठी चार वर्ग केले. प्रत्यक्ष शहरात असलेले. दोन आठवड्यांच्या आत केंद्राच्या सुमारे दोन किलोमीटर परिसरात गेलेले. जखमींची शुश्रूषा करताना किरणोत्सर्ग लागलेले. आणि त्या वेळी आईच्या पोटात असलेले. महाराजांचे चार दर आणि जपानचे चार वर्ग यांत तीनशे वर्षांचे अंतर आहे, पण तत्त्व तेच आहे. जखम पाहायची, आणि देणे चुकवायचे.

या कामात आपल्या माणसाचाही हात आहे याचा अभिमान वाटतो. मुंबईच्या टाटा स्मारक रुग्णालयातील विकृतिशास्त्रज्ञ डॉ. वसंत रामजी खानोलकर यांनी दौलतसिंह कोठारी आणि होमी भाभा यांच्याबरोबर अणुस्फोट व त्यांचे परिणाम या विषयावर भारत सरकारसाठी ग्रंथ तयार केला. तो १९५६ मध्ये निघाला. किरणोत्सर्गाच्या परिणामांचा विचार करण्यासाठी संयुक्त राष्ट्रसंघाने १९५५ च्या डिसेंबरात जी समिती नेमली, तिच्या पहिल्या पंधरा सभासद राष्ट्रांत भारत होता आणि भारताचे काम डॉ. खानोलकरांकडे होते. अण्वस्त्राच्या जखमेची मोजदाद ही केवळ बाँब टाकणाऱ्यांच्या हाती राहू नये, हा त्यामागचा विचार होता.

यावर एक आक्षेप घेतला जातो, आणि तो हलका नाही. काही विचारी माणसे म्हणतात, की संहाराला क्रमांक देणे म्हणजे त्याला सभ्य करणे होय. शहर जाळले, आणि खाली लिहिले वाय ३६.५! उद्या पुन्हा असे होणार हे गृहीत धरूनच रकाना आखून ठेवला आहे की काय? आम्हांला हा आक्षेप अर्धा मान्य आहे. क्रमांकात नाव नसते, आक्रोश नसतो. त्याच्याकडून शोकाची अपेक्षा करू नये. शोक घराने करावा, गावाने करावा. पण रकाना नसता तर काय झाले असते? ती बाई कर्करोगाने मेली, तो कोळी यकृताच्या विकाराने मेला, असे लिहून वही मिटली असती, आणि बाँब टाकणाऱ्याला म्हणता आले असते, की आमच्या अस्त्राने दीर्घकाळ कोणी मरत नाही. रकाना हा परवाना नाही. तो साक्षीदारासाठी राखून ठेवलेली खुर्ची आहे. ती रिकामी राहावी अशीच सर्वांची इच्छा असते, म्हणून ती मोडून टाकायची नसते.

शेवटी पुन्हा आपल्या गावाकडे येऊ. जगाची ही सारी वही अखेर एका साध्या कागदावर उभी आहे, आणि तो कागद आपल्यापैकी प्रत्येकाच्या घरी कधी ना कधी येतो. तो म्हणजे मृत्यूच्या कारणाचा वैद्यकीय दाखला. १९६९ च्या जन्ममृत्यू नोंदणी कायद्याने त्याची तरतूद केली. २०२३ मध्ये त्यात दुरुस्ती झाली. आता रुग्णालयाने हा दाखला विनामूल्य द्यावा आणि त्याची प्रत जवळच्या नातेवाइकालाही द्यावी, असा नियम आहे. दाखल्यावर डॉक्टरने कारणांची साखळी लिहायची असते. शेवटी काय झाले, ते कशामुळे, आणि तेही मुळात कशामुळे. पुष्कळदा तेथे ‘हृदयक्रिया बंद पडली’ एवढेच लिहिलेले असते. हृदयक्रिया प्रत्येक मेलेल्याची बंद पडते. चिमाजी अप्पांच्या शिपायाची पडली आणि हिरोशिमाच्या मुलाचीही पडली. ते कारण नव्हे. घरच्या माणसाने तो कागद हाती आल्यावर वाचावा, आणि मूळ कारणाची ओळ रिकामी असेल तर डॉक्टरांना नम्रपणे विचारावे, एवढे तरी आपल्या हाती आहे.

वसईच्या वेढ्यात ठार व जखमी झालेल्या पाच हजारांची नावे आता मिळणार नाहीत, आणि किल्ल्यातल्या आठशेंचीही नाहीत. बुरजाच्या दगडांवर गवत उगवले आहे, खंदक बुजले आहेत. त्या जखमा कोणी पाहून लिहिल्या असत्या, तर आज आपल्याला विजयाच्या तारखेबरोबर विजयाची किंमतही मुलांना सांगता आली असती, दोन्ही बाजूंची. ती संधी गेली. पुढच्या दाखल्यावरची ओळ मात्र अजून कोरी आहे, आणि ती भरणे आपल्या हाती आहे.